मनोरुग्णालयाबाहेर उपचार कसे आले, आणि कुठे अजून पोचलेच नाहीत?

सुमेधा_सातारा

दुसऱ्या एका धाग्यावर चर्चा चालली होती की डिप्रेशन वगैरे हल्लीचं फॅड आहे, आपल्या आजीआजोबांच्या काळात असलं काही नव्हतं. दोन ओळींत उत्तर देणं जमेना, म्हणून वेगळा धागा काढते आहे. मी मनोविकार विभागात सामाजिक कार्यकर्ती म्हणून नोकरी केली. त्यामुळे हा विषय मला जवळचा आहे, आणि थोडं लांबलं तर सांभाळून घ्या.

आजार पूर्वीही होते, पण ते मोजले जात नव्हते. ज्याला घरात ठेवणं अशक्य व्हायचं, तेवढाच माणूस सरकारी कागदावर यायचा. महाराष्ट्रातली चार प्रादेशिक मनोरुग्णालयं म्हणजे नागपूर (१८६४), रत्नागिरी (१८८६), ठाणे (१९०१) आणि येरवडा. चारही इंग्रजी अमदानीतली. त्या काळचे कायदे १८५८ आणि १९१२ चे. माणसाला आत कोणाच्या हुकमाने घ्यायचं, त्याची मालमत्ता कोण सांभाळणार, बाहेर कोण सोडणार, हे त्यांत बारकाईने लिहिलेलं होतं. धोकादायक माणसापासून समाजाला वाचवायचं, हा त्यांचा रोख. १९१२ चा कायदा किती काळ चालला? १९८७ मध्ये नवा कायदा झाला, पण तो अमलात आला १९९३ साली. म्हणजे स्वातंत्र्यानंतरही पंचेचाळीस वर्षं आपण तोच कायदा वापरत होतो.

१९४६ च्या भोर समितीच्या (आरोग्यसेवेच्या पाहणीसाठी सरकारने नेमलेली समिती) अहवालात अख्ख्या अविभाजित हिंदुस्थानासाठी मनोरुग्णालयांतल्या खाटा होत्या दहा हजारांच्या आसपास, आणि लोकसंख्या होती चाळीस कोटी. बाकीचे लोक कुठे होते? घरात, देवळात, दर्ग्यात, रस्त्यावर आणि तुरुंगात. तुरुंगात हे उगाच लिहिलेलं नाही. ज्यांनी कुठलाच गुन्हा केलेला नाही अशा मनोरुग्णांना तुरुंगात ठेवणं बेकायदा आहे, हे सर्वोच्च न्यायालयाला शीला बारसे यांच्या याचिकेवर १९९३ मध्ये सांगावं लागलं.

औषधांचा भाग थोडक्यात, कारण त्यात आपल्या मुंबईचाही वाटा आहे. सर्पगंधेचा वेडावर उपयोग होतो हे सेन आणि बोस यांनी १९३१ मध्येच लिहिलं होतं. मुंबईच्या डॉ. रुस्तुम जाल वकिलांनी १९४९ मध्ये तिचा रक्तदाबावरचा परिणाम ब्रिटिश नियतकालिकात मांडला आणि जगाचं लक्ष त्या मुळीकडे गेलं. त्यातूनच पुढे त्या मुळीतलं रेसरपिन हे औषध अमेरिकेतल्या मनोरुग्णालयांत पोचलं. १९५२ मध्ये पॅरिसमध्ये क्लोरप्रोमाझिन हे तीव्र मनोविकारांवरचं औषध वापरात आलं. वर्षानुवर्षं वॉर्डात असलेली माणसं घरी जाण्याइतकी सावरू लागली ती या दशकात.

पण घरी जाऊन काय? तिथे कोणी नसेल, कोणाला काही समजत नसेल, तर सहा महिन्यांत माणूस परत. म्हणून मला औषधांपेक्षा मोठा वाटतो तो अमृतसरच्या डॉ. विद्यासागर यांचा १९५० च्या दशकातला प्रयोग. मनोरुग्णालय तुडुंब भरलेलं. त्यांनी लष्कराकडून तंबू मिळवले, आवारात लावले, आणि रुग्णाच्या नातेवाइकांना तिथे रुग्णासोबत राहायला बोलावलं. नातेवाईक स्वतः सेवा करत, आजार समजून घेत, आणि बरा झालेला माणूस बरोबर घेऊनच परतत. 'एकदा आत टाकला की सुटलो' ही रीत तिथे मोडली. वेल्लोरलाही त्याच दशकात कुटुंबाला सोबत ठेवून उपचार सुरू झाले.

त्यानंतरचा टप्पा १९७५ चा. बंगळूरजवळच्या साकलवाडा आणि चंदीगडजवळच्या रायपूर राणी इथे तपासलं गेलं की प्राथमिक आरोग्य केंद्रातला साधा डॉक्टर आणि आरोग्य कर्मचारी हे आजार ओळखून उपचार करू शकतो का. उत्तर आलं, करू शकतो. त्यावर १९८२ चा राष्ट्रीय मानसिक आरोग्य कार्यक्रम उभा राहिला, कर्नाटकातल्या बेल्लारी जिल्ह्यात तो जिल्हा पातळीवर करून पाहिला गेला, आणि १९९६ मध्ये जिल्हा कार्यक्रम सुरू झाला तो देशातल्या फक्त चार जिल्ह्यांत. १९७५ ते १९९६ मोजा. एकवीस वर्षं. उपाय माहीत होता आणि तो चार जिल्ह्यांत पोचायला इतका काळ गेला, याचा मला आजही संताप येतो.

माझं म्हणणं एवढंच आहे की आपल्याकडे सुधारणा झाली ती दर वेळी कोणीतरी उपचार रुग्णाच्या घराजवळ नेल्यामुळे. नुसत्या इमारती वाढवून ती झाली नाही. तुमचे अनुभव लिहा. मतभेद असतील तर तेही लिहा.

---

जुनाजाणता

सुमेधाताई, धागा चांगला आहे, पण मला एक पटलं नाही. एकत्र कुटुंबात माणूस एकटा पडत नसे. शेतावर काम, चार माणसांत जेवण, भजन, वारी. मनाचे आजार तिथेच निवळत. आता फ्लॅटमध्ये राहायचं आणि मग समुपदेशकाला पैसे द्यायचे. संशोधनातसुद्धा आलंय ना, की स्किझोफ्रेनियाचे रुग्ण भारतात युरोपपेक्षा लवकर बरे होतात?

---

सुमेधा_सातारा

काका, तुम्ही म्हणता तो जागतिक आरोग्य संघटनेचा अभ्यास. १९६० च्या दशकाच्या अखेरीस सुरू झाला, त्यात आग्रा हे केंद्र होतं. पुढच्या अभ्यासात चंदीगड होतं. विकसनशील देशांतले रुग्ण बरे होण्याचं प्रमाण चांगलं दिसलं हे खरं, आणि कुटुंबाचा आधार हे त्याचं एक कारण मानलं गेलं. पण नंतर बऱ्याच अभ्यासकांनी त्या निष्कर्षावर प्रश्न उभे केले आहेत. कोण अभ्यासातून निसटलं, कोण मेलं, बायकांचं काय झालं, हे पुरेसं धरलं होतं का?

एकत्र कुटुंबाचा आधार मी नाकारत नाही. पण त्याच कुटुंबात मागच्या खोलीत कडी लावून ठेवलेली आत्या असायची, आणि सासरहून माहेरी परत पाठवलेली सून असायची. भजनाला बसणारे आपल्याला आठवतात. ही माणसं कोणाला दिसतच नव्हती.

---

शुभंकर_पुणे

मुलाला स्किझोफ्रेनिया आहे. आमच्या स्वमदत गटात आजारी माणसाला शुभार्थी म्हणतात आणि सांभाळणाऱ्याला शुभंकर, म्हणून हे नाव घेतलं.

ताईंनी तंबूंबद्दल लिहिलंय ते वाचून फार बरं वाटलं, कारण आमचं घर सावरलं ते दुसऱ्या पालकांमुळे. निदान झालं तेव्हा आम्हाला एका दवाखान्यात औषधांची चिठ्ठी मिळाली आणि 'आयुष्यभर घ्यावी लागतील' हे वाक्य. बाकी काही नाही. गोळ्यांनी वजन वाढतं, हात थरथरतात, झोप इतकी येते की मुलगा दुपारपर्यंत उठत नाही, हे कोणी सांगितलं नाही. आम्हाला वाटलं आळशी झालाय. बोललो त्याला. मग त्याने गोळ्या बंद केल्या आणि आजार उलटला.

पुण्यातली स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन ही संस्था डॉ. जगन्नाथ वाणींनी सुरू केली. ते कॅनडात गणिताचे प्राध्यापक होते, त्यांच्या पत्नीला हा आजार होता. म्हणजे तीही एका शुभंकरानेच उभी केली. गटात मला पहिल्यांदा कळलं की मुलावर सतत टीका, सतत काळजीचा भडिमार, या दोन्हींनी आजार उलटण्याची शक्यता वाढते. यावर जगभर अभ्यास झालेला आहे. घरातला आवाज खाली आणणं हासुद्धा उपचार आहे. जुनाजाणता काका, कुटुंब आधार देतं हे खरंय, पण कसा द्यायचा हे शिकवावं लागतं. आम्हालाही शिकावं लागलं.

मुलगा आता अर्धवेळ काम करतो. सगळं सुरळीत आहे असं नाही. पण पगाराच्या दिवशी तो स्वतः आईला भाजी आणून देतो.

---

दर्यावर्दी

गोव्यातून लिहितोय. ताईंनी १९९६ पर्यंत आणून सोडलंय. त्याच वर्षी आमच्याकडे संगाथ ही संस्था सुरू झाली, डॉ. विक्रम पटेल आणि सहकाऱ्यांची. त्यांचं काम जगात वाखाणलं जातं आणि आपल्याच लोकांना माहीत नसतं, म्हणून सविस्तर लिहितो.

प्रश्न साधा होता. आरोग्य केंद्रात डोकेदुखी, झोप नाही, अंग दुखतं म्हणून येणाऱ्या पुष्कळ लोकांना खरं तर नैराश्य किंवा चिंताविकार असतो. त्यांना जीवनसत्त्वाच्या गोळ्या आणि झोपेच्या गोळ्या देऊन परत पाठवतात. मानसोपचारतज्ज्ञ एवढे आणायचे कुठून? म्हणून त्यांनी मानसशास्त्राची पदवी वगैरे काही नसलेल्या स्थानिक माणसांना काही आठवड्यांचं प्रशिक्षण दिलं आणि समुपदेशक म्हणून दवाखान्यात बसवलं. २४ ठिकाणं घेतली, निम्मी सरकारी आरोग्य केंद्रं, निम्मे खाजगी डॉक्टर. निकाल २०१० मध्ये लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात आला. सरकारी केंद्रांत समुपदेशक असलेल्या ठिकाणी सहा महिन्यांत सुमारे ६६ टक्के रुग्ण बरे झाले, नसलेल्या ठिकाणी ४२.५ टक्के.

आणि खाजगी दवाखान्यांत? फरकच दिसला नाही. मला हा निकाल सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. माझा अंदाज असा की ओळखीचा फॅमिली डॉक्टर पेशंटला आधीपासून वेळ देतो, विचारपूस करतो, त्यामुळे तिथले रुग्ण तसेही बरे होत होते. सरकारी केंद्रात ज्याला कोणी दोन मिनिटंही देत नव्हतं, त्याला अर्धा तास ऐकून घेणारं माणूस मिळालं.

पुढे त्यांनी जास्त तीव्र नैराश्यासाठी सहा ते आठ बैठकांची पद्धत बसवली. दर आठवड्याला अर्धा-पाऊण तास. माणसाने सोडून दिलेली कामं एकेक करून परत सुरू करायची, आधी सोपं, मग अवघड, आणि त्याची नोंद ठेवायची. मासळी बाजारात जाणं, शेजारणीशी बोलणं, चर्चला किंवा देवळात जाणं, एवढी साधी. मूड सुधारला की काम करू, असं म्हणत थांबायचं नाही. काम सुरू केलं की मूड मागून येतो, हे त्यामागचं तत्त्व. २०१७ च्या निकालात तीन महिन्यांनी ६४ टक्के लोकांचं नैराश्य ओसरलेलं होतं, तुलनेच्या गटात ३९ टक्के.

अवांतर: संमोहन 'सूचने'मुळे होतं, मांत्रिकाच्या अंगातल्या शक्तीने नव्हे, हे पॅरिसमध्ये सांगणारे आबे फारिया कांदोळीचे. पणजीत त्यांचा पुतळा आहे. आम्हा गोंयकारांना त्याचा अभिमान आहे.

---

कपाशी

मी अमरावती जिल्ह्यात गटप्रवर्तक आहे. आशाताईंचं काम बघते. आमच्याकडे 'विश्राम' नावाचा प्रकल्प झाला होता, ३० गावांत, गोव्याच्या त्याच मंडळींनी टाटा ट्रस्टच्या मदतीने केलेला. गावातल्याच बायका-माणसांना शिकवून घरोघर पाठवलं. सभा घ्यायच्या, माणूस ओळखायचा, त्याच्याशी बोलायचं, जास्त असेल तर आरोग्य केंद्रातल्या समुपदेशकाकडे न्यायचं. तिथूनही जास्त असेल तर डॉक्टर.

त्याचा हिशेब छापून आला २०१७ मध्ये. आधी नैराश्य असलेल्या शंभर लोकांतले चार-पाचच कोणाकडे मदतीला जात होते. नंतर सत्तावीस. सहा पट. विदर्भाबद्दल पेपरात फक्त आत्महत्येचे आकडे येतात, हा आकडा कोणीच छापत नाही, म्हणून लिहिला. २०२२ मध्ये देशात १ लाख ७० हजार ९२४ आत्महत्या नोंदल्या गेल्या, त्यात सगळ्यात जास्त, २२ हजार ७४६, आपल्या महाराष्ट्रात. हे सगळ्यांना तोंडपाठ. पण गावात गेलं तर लोक बोलतात, औषध घेतात, बरे होतात, हे कोण सांगणार?

आता दुसरी बाजू. आशाताईंवर आधीच लसीकरण, गरोदर माता, क्षयरोग, सर्व्हे, ऑनलाइन नोंदी, सगळं आहे. त्यात हेही. मानधन वेळेवर नाही. एखादी बाई रडायला लागली तर तिच्याजवळ तासभर बसावं लागते, त्याची नोंद कोणत्या रकान्यात करायची? शिवाय आशाताईंचं ऐकणारं कोण? तिच्याही घरी दारू आहे, कर्ज आहे, कपाशी बुडाली आहे. बाहेरचे लोक येतात, प्रकल्प करतात, छान होते. प्रकल्प संपला की माणूस निघून जाते आणि गाव आम्हालाच विचारते, ती ताई कुठे गेली म्हणून.

---

सुमेधा_सातारा

कपाशीताई, तुमचा प्रतिसाद या धाग्यावरचा सगळ्यात मोलाचा. प्रयोगात सिद्ध होणं वेगळं आणि सरकारी यंत्रणेत टिकणं वेगळं. साकलवाड्याचंही तेच झालं होतं.

मोजणीबद्दल एक गोष्ट राहिली. देशाचं पहिलं राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षण बंगळूरच्या निम्हान्स या राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेने २०१५-१६ मध्ये १२ राज्यांत केलं. त्यातून कळलं की प्रौढांपैकी १०.६ टक्के लोकांना त्या वेळी कुठला ना कुठला मानसिक आजार होता, आणि आजारानुसार ७० ते ९२ टक्के लोक उपचारांविना होते. त्या बारांत महाराष्ट्र नव्हता. गुजरात होतं, मध्य प्रदेश होतं, छत्तीसगड होतं. जिथे सर्वाधिक आत्महत्या नोंदल्या जातात त्या राज्याचं या पाहणीत चित्रच नाही. विश्रामसारख्या अभ्यासाचं महत्त्व म्हणूनही मोठं आहे.

---

टेम्सकाठची_नर्स

इंग्लंडमध्ये नोकरी करते. इथे २००८ पासून सरकारी आरोग्यसेवेत बोलून करायच्या उपचारांची मोठी योजना आहे. तिची सर्वांत चांगली सवय म्हणजे प्रत्येक बैठकीला रुग्णाकडून नैराश्य मोजणारा नऊ प्रश्नांचा तोच छोटा फॉर्म भरून घेतात आणि आकडा खाली येतोय का बघतात. नाही आला तर उपचार बदलतात. गोव्याच्या प्रयोगातही तीच नऊ प्रश्नांची मोजपट्टी होती. वाट मात्र इथेही बघावी लागते, सगळीकडे लगेच नंबर लागत नाही.

---

काळाकोट

वकील आहे. २०१७ चा मानसिक आरोग्यसेवा कायदा २९ मे २०१८ पासून लागू आहे, तरी लोक अजून जुन्याच समजुतींवर चालतात. कामाचं तेवढं लिहितो.

कलम १८ नुसार सरकारी किंवा सरकारी पैशावर चालणाऱ्या सेवेतून मानसिक उपचार मिळणं हा हक्क आहे, मेहरबानी नव्हे. कलम २१ नुसार विमा कंपन्यांनी मानसिक आजार शारीरिक आजारांप्रमाणेच धरायचा. क्लेम नाकारला तर लेखी कारण मागा आणि पुढे जा. कलम ९५ ने साखळदंडाने बांधायला बंदी आहे, आणि भूल दिल्याशिवाय विजेचे झटके द्यायलाही. कलम ११५ नुसार आत्महत्येचा प्रयत्न करणारी व्यक्ती तीव्र ताणाखाली होती असं गृहीत धरायचं आणि तिच्यावर खटला चालवायचा नाही. उलट तिला उपचार देणं ही सरकारची जबाबदारी. पोलीस केस होईल या भीतीने माणसाला दवाखान्यात न नेणारे आजही भेटतात. कृपा करून न्या.

आणखी एक, जे फार थोडे लोक वापरतात. बरं असताना माणूस लिहून ठेवू शकतो की आजार उलटला तर मला कसे उपचार द्यावेत, कसे देऊ नयेत, आणि माझ्या वतीने कोणी बोलावं. दोन साक्षीदार लागतात. शुभंकर_पुणे, मुलाची तब्येत स्थिर आहे तेव्हाच त्याच्याशी बसून हे करून ठेवा. आपण सांगायचं नाही, त्याने सांगायचं.

---

शुभंकर_पुणे

काळाकोट साहेब, धन्यवाद. हे माहीत नव्हतं. आजच त्याला विचारलं. पहिलं वाक्य त्याने लगेच सांगितलं, 'मला न सांगता जेवणात गोळी घालायची नाही.'

---

जुनाजाणता

वाचतोय. शुभंकर, तुमचा पहिला प्रतिसाद दोनदा वाचला. कडी लावलेली खोली आमच्याही वाड्यात होती. तिथे चुलत आजोबा असत. आम्हा पोरांना तिकडे जायची बंदी होती. त्यांना काय झालं होतं ते कोणी सांगितलं नाही आणि आम्ही विचारलंही नाही.

एक शंका. देवऋषी, दर्गे, अंगात येणं, याचं काय करायचं? लोक आधी तिकडेच जातात. बंद करायचं?

---

सुमेधा_सातारा

काका, मारहाण आणि साखळदंड बंदच व्हायला हवेत, त्यात तडजोड नाही. ६ ऑगस्ट २००१ ला तमिळनाडूत एरवाडीला आग लागली तेव्हा साखळीने बांधलेली माणसं पळू शकली नाहीत, २८ जण गेले. आपल्याकडे २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने भूत उतरवण्याच्या नावाखाली मारणं गुन्हा ठरवलं, आणि त्यासाठी आमच्या साताऱ्याच्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी किती वर्षं दिली ते सगळ्यांना ठाऊक आहे.

पण नवस बोलणाऱ्या आईला हिणवून ती दवाखान्यात येत नाही. गुजरातेत उनाव्याला मीरा दातारच्या दर्ग्यात 'दवा आणि दुआ' म्हणून काम झालं. तिथल्या मुजावरांनाच आजाराची लक्षणं शिकवली, शेजारी बाह्यरुग्ण विभाग सुरू केला. मुजावर म्हणतो, दुआ इथे घे, गोळी तिथे घे. ज्याच्यावर लोकांचा विश्वास आहे त्याला सोबत घेतलं की रुग्ण उपचारापर्यंत लवकर येतो.

---

गोदाकाठ

पहिल्यांदाच लिहिते आहे. माझी वहिनी परभणी जिल्ह्यात एका खेड्यात आहे. बाळंतपणाला तीन आठवडे झाले. झोपत नाही, बाळाकडे बघत नाही, मधेच म्हणते हे बाळ बदललंय. सासूबाई म्हणतात बाहेरची बाधा आहे. काय करावं?

---

सुमेधा_सातारा

गोदाकाठ, थांबू नका. बाळंतपणानंतर असा तीव्र आजार होऊ शकतो, तो औषधांनी बरा होतो, पण त्यात आई आणि बाळ दोघांनाही धोका असतो. आजच्या आज जिल्हा रुग्णालयात न्या. रात्र झाली असली तरी न्या, अपघात विभाग चालू असतो. गाडी नसेल तर १०८. तोवर दोघांना क्षणभरही एकटं सोडू नका आणि बाळ दुसऱ्या कोणाच्या तरी ताब्यात असू द्या. तिच्याशी वाद घालू नका, 'बाळ तुझंच आहे' म्हणून पटवायचा प्रयत्न नको. ताप आहे का, रक्तस्राव जास्त आहे का तेही डॉक्टरांना सांगा, कारण जंतुसंसर्गानेही असं भ्रमिष्टपण येऊ शकतं. बाळंतपणाचे कागद आणि चालू औषधं सोबत घ्या. ती अंगावर पाजत असेल तर ते आधी सांगा, औषध त्यानुसार ठरवतात.

वाटेत १४४१६ ला फोन लावा. ती सरकारची टेलिमानस सेवा आहे, चोवीस तास, फुकट, मराठीत बोलता येतं. सासूबाईंना म्हणा, अंगारा लावायचा तर लावा, पण गाडीत बसून लावा.

---

कपाशी

गोदाकाठताई, गावच्या आशाताईंनाही आत्ताच फोन करा. जिल्हा रुग्णालयात कोणाला भेटायचं ते त्यांना माहीत असते, आणि त्या सोबत आल्या तर केसपेपरपासून वॉर्डापर्यंत धावपळ कमी होते. पोचल्यावर इथे कळवा.